एकसष्ट फ्रीझर

आमच्या खात्याकडे एकही खांब नाही.
तार नाही, धरण नाही, ठिणगी पडेल असं काहीच नाही.
अँकरेजमध्ये तिसऱ्या मजल्यावर आम्ही अकरा माणसं
आणि एक तक्ता, जो सन दोन हजार पंचेचाळीसपर्यंत जातो.

तहान लागल्यावर विहीर खणू नये, म्हणतात.
विहीर आम्ही खणत नाही.
तहान केव्हा लागेल तेवढं लिहितो,
सही करून जुनोला धाडतो.

म्हणून ऑगस्टअखेर मी इथे, कुस्कोक्विमच्या काठी,
सहा आसनी विमानातून थेट चिखलात.
डिझेलचा शेवटचा बार्ज यायचाय.
नदी गोठली की मे महिन्यापर्यंत
टाकीत असेल तेच गावाचं.

वासिली जनरेटर सांभाळतो. मीटरकडे बघत नाही.
"शाळेतली शेगडी लागली," म्हणतो, कान तिरका करून.
थोड्या वेळाने, "ही नास्तासिया. कपडे धुतेय."
यासाठी माझ्याकडे रकाना नाही.
'इतर'मध्ये लिहिते.

नास्तासिया फ्रीझर उघडते.
सामन मासा, मूसचं मांस, मुठीमुठीने बांधलेल्या बेरी,
प्रत्येक पिशवीवर तारीख आणि ज्याचा वाटा त्याचं नाव.
एकीवर नाव नाही.
"बाळंतिणीची," ती हळूच म्हणते,
"फेब्रुवारीत. अजून कुणाला माहीत नाही."
वीस वर्षं मी अंदाज बांधतेय;
असा एकही छापलेला नाही.

संध्याकाळी सभा. पवनचक्कीचा आलेख लावला
आणि वीज गेली.
कुणी चुकचुकलं नाही. वासिली टॉर्च घेऊन उठला.
अंधारात कुणीतरी माझ्या हातात सुकवलेल्या माशाचा तुकडा ठेवला,
कुणीतरी विचारलं,
"तुमच्या कागदात आम्ही किती?"
कागद दिसत नव्हता. आकडा पाठ होता:
राज्याच्या मागणीच्या शून्य पूर्णांक शून्य दोन टक्के.
तोंडात मासा होता, हे बरं झालं.

सात मिनिटांनी दिवे आले.

परतल्यावर ब्रेकेबाई म्हणाल्या,
साठ फ्रीझर लिही, गोल आकडा बरा दिसतो.
मी एकसष्टच ठेवले.
एकसष्टावा कुणाचा ते मला ठाऊक आहे.

फेब्रुवारीत, अहवाल कुणाच्या तरी टेबलावर न उघडता पडलेला असताना,
मी उगाचच वासिलीला फोन लावला.
"थांब," तो म्हणाला, आणि फोन जनरेटरजवळ धरला.
"ऐकलंस? हे नवीन आहे. परवापासून. रात्रभर."

मला नुसती घरघर ऐकू आली.
तारीख तेवढी लिहून घेतली.