वाटी

मारिबोरमध्ये, लिफ्ट नसलेल्या इमारतीत,
झ्देंका राहते, आणि पिश्कोत:
पावणेतीन किलोचा, निम्मा नुसता केसांचा.

चालता चालता तो मागचा पाय उचलतो,
तीन पायांवर चार उड्या,
मग पाय मागे ताणून एक झटका,
की पुन्हा दुडक्या चालीत, जणू काही झालंच नाही.

डॉक्टरने अंगठ्याने दाबून दाखवलं:
इथली खाच उथळ आहे. वाटी बसत नाही, घसरते.
झ्देंका म्हणाली, माहीत आहे.

एकोणिसाव्या वर्षी, हँडबॉलच्या मैदानात
ती वळली, पाऊल वळलं नाही.
कातडीखाली भलत्याच जागी उंचवटा.
किंचाळली ती नव्हे, बाकावरची राखीव मुलगी.
कुणीतरी पाय हळूच सरळ केला,
आणि टक्.

सत्तावन्न पायऱ्या. काखेत कुत्रा.
उतरताना आधी दुखरा पाय,
चढताना चांगला.

त्याच्या ऑपरेशनची तारीख मंगळवारची.
स्वतःची तिने एकवीस वर्षं घेतलेली नाही.

संध्याकाळी तो जेवतो तेव्हा
गुळगुळीत फरशीवर त्याची वाटी सरकत जाते,
तोही मागोमाग.
ती पाऊल लावून अडवते.
त्याच पायाचं.