खाडाखोड

वडिलांचा चोपडा लाल कापडात असतो,
रामकुंडाच्या मागच्या गल्लीत, लोखंडी कपाटात,
डांबराच्या गोळ्यांच्या वासात.
अस्थी सोडून, डोकं भादरून
कुणी ओल्या पंच्यानिशी उंबऱ्यात येतो.
ते विचारतात : गाव? आडनाव? आजोबा?
आणि मोडीतली सात माणसं
एका दमात उठून बसतात.

मी त्यांची मुलगी.
त्र्यंबक नाक्याजवळ रक्त तपासते.
मीही गाव विचारते, आडनाव विचारते.
माझं यंत्र आजीलाही ओळखतं, एवढाच फरक,
असं एकदा म्हणाले
तेव्हा ते जेवता जेवता थांबले.
मग ताक मागितलं.

मंगळवारी जागृती भोये आली, पेठच्या पुढून,
मोबाईलच्या कव्हरात सिकलसेलचं पिवळं कार्ड.
ठरतंय त्या सुदामचंही पिवळंच.
पांढऱ्याला कुणीही चालतं,
पिवळ्याने पिवळं टाळायचं,
लालबद्दल कुणी विचारत नाही.
"आमच्यात पत्रिका बघत नव्हते," ती म्हणाली,
"आता सरकारनेच काढून दिली."
थोरला भाऊ लाल कार्डाचा होता.
थंडीत त्याची हाडं ओरडायची.
ओरडायची म्हणाली ती, दुखायची नाही.

मी कागदावर काढून दाखवलं :
तीनशे कोटी अक्षरं, त्यातलं हे एक बदललेलं.
तिने माझंच पेन घेऊन त्यावर टेकवलं.
"मग खोडा की. बाहेरच्या देशात खोडतात,
व्हिडिओ बघितलाय मी."
मी किंमत सांगितली.
तिने बोटांवर शून्यं मोजली आणि हसली,
"एवढ्यात आमच्या पाड्यावर नळ येईल,
उरलेल्यात तुमच्या दवाखान्याला लिफ्ट."

मग मी तिला तापाची गोष्ट सांगितली.
रानातल्या हिवतापाने घरंच्या घरं नेली तेव्हा
हे अक्षर ज्यांना एकाच बाजूने मिळालं होतं
ते जास्त उरले.
"म्हणजे यानेच राखलं," ती म्हणाली,
"आणि यानेच खाल्लं."
माझ्या प्रशिक्षणात
प्रकरण याच्या आधीच संपतं.

दुपारी गंगापूर रोडचं जोडपं.
टेस्ट ट्यूबची तयारी, फाइल प्लास्टिकची, सुगंधी.
आजार तर बघाच, पण उंचीचं काही?
आणि खुर्ची पुढे ओढून, हळू : रंगाचं?
त्यांचे पिंपळगावला द्राक्षांचे मळे.
"बी काढलंच ना आपण, मॅडम, कोण रडलं?"
मी म्हणाले, बी नसलेल्या वेलीला
पुढचा वेल आपला आपण होत नाही,
दर वेळी कुणाच्या तरी हातात कलम लागते.
आणि तुमच्या प्रश्नाचं उत्तर, अजून नाही.

अजून नाही.
नुसतं नाही म्हणायचं राहिलं
हे घारपुरे घाटावर सिग्नलला आठवलं.

रात्री विचारलं, चोपड्यात चुकलं तर?
"खोडायचं नाही. ब्लेड नाही, पांढरी शाई नाही.
एक बारीक रेघ. चुकलेलं वाचता आलं पाहिजे.
खाली बरोबर लिहायचं, तिथी घालायची,
आणि बदलणाऱ्याने आपलं नाव."
कुणाला विचारून?
"ज्याचा वंश त्याला."
तो अजून जन्मलाच नसेल तर?
ते चष्मा पुसत राहिले, स्वच्छ होता तरी.

यात पेठ-सुरगाण्याची किती घरं आहेत, बाबा?
"ते लोक येत नाहीत आपल्याकडे."
कपाटाची किल्ली दोनदा फिरवून झाली,
दिवा मालवून झाला, आणि अंधारातून,
"म्हणजे, बोलावलं नाही कुणी."

शनिवारी जागृतीचा फोन.
मागे एसटीचा घंटानाद, कुणाचं तरी कोंबडं.
ठरलं. सुदामशीच.
"पुढचं पुढे. पण पोटात असताना तपासता येतं
म्हणालात ना, ते कुठल्या वारी?"
मी वार सांगितला.
खोलीचा नंबर सांगितला, तिसरा मजला.
लिफ्ट नाही, तेही सांगितलं.
"माहितेय," ती म्हणाली.