सूर्यफुलाची वही

मुख्य मस्टरात माझी सही नाही.
मस्टर कपाटात, कुलपात.
माझी वही कपाटावर,
दोनशे पानी, कव्हरवर सूर्यफूल.
हेडसर पहिल्या दिवशी म्हणाले होते,
"मान्यता येईपर्यंत इथं करा. आठ-पंधरा दिवस."
तेव्हा प्रयोगशाळेच्या खिडकीबाहेर
कडुलिंब गुडघ्याएवढा होता.
आता त्याच्या सावलीत हेडसर मोटरसायकल लावतात.
हेडसरही तिसरे.

प्रस्ताव गेला. परत आला.
जाहिरातीचं कात्रण फिकट आहे.
पुन्हा गेला.
बिंदुनामावली तपासून घ्यावी.
पुन्हा गेला.
संचमान्यता कुठल्या सालची, नमूद नाही.
सांगलीत, माध्यमिकच्या टेबलाशी
मी इतका उभा राहिलो
की पंख्याचं बटण कुठलं,
हे नव्या क्लार्कला मी दाखवलं.

शाळेत पगारी माणूस करतो तेच करतो.
ब्युरेट धुतो, लिटमस मोजून देतो,
दहावीच्या प्रात्यक्षिकाला पोरांच्या कानात सांगतो,
रंग बदलायच्या आधीच हात सैल सोड.
एक तारखेला स्टाफरूमकडं फिरकत नाही,
एवढंच.

मेहुणा सेलमहून फोन करतो,
"दाजी, गलाईवर या.
नायट्रिक तर तुमच्या हातातलंच.
इथं सोनं वेगळं व्हायला एक दुपार लागते."
सुरेखा काही बोलत नाही.
फोन फक्त स्पीकरवर ठेवते.

शेवटी आम्ही तिघं,
मी, तांबोळीबाई, शिपाई गुजले.
तिघांत वकील स्वस्त पडतो.
'विरुद्ध महाराष्ट्र शासन' वाचून
गुजलेचा पेन थांबला.
"शासनाच्या विरुद्ध? माझा थोरला भरतीला पळतोय, बाई."
वकीलबाई म्हणाल्या, लिहायची पद्धत असते तशी.
मग त्यानं सही केली,
बाबासाहेबमधला प्रत्येक काना सरळ ओढत.

कोल्हापूर. दोनदा नंबर यायच्या आत कोर्ट उठलं.
तिसऱ्यांदा सरकारी वकील म्हणाले,
सलग सेवेला पुरावा काय? मस्टरात नावच नाही.
वकीलबाईंनी सूर्यफूल पुढं केलं.
साहेबांनी पानं उलटली.
एका पानाला अॅसिडचं भोक,
त्यातून पुढच्या महिन्यातली सही दिसते.
"कोरा दिवस शोधा," ते म्हणाले.
शोधला. सापडला.
नऊ फेब्रुवारी.

मान्यता नसलेल्याला किरकोळ रजा नसते.
मी बाईंच्या कानाशी वाकलो,
त्या दिवशी मी सांगलीत होतो, मॅडम.
ह्यांच्याच टेबलाशी.
बाईंनी तेच मोठ्यानं सांगितलं.
कोणीतरी खोकलं.

चार आठवड्यांत निर्णय घ्या.
वही तूर्त रेकॉर्डवर राहू द्या.

परतीच्या एसटीत गुजले विचारतो,
"निर्णय घ्या म्हंजे मान्यता द्या, असंच ना?"
तांबोळीबाई खिडकीची काच पुसत राहतात.
ती बाहेरून मळलेली आहे.

विट्यात उतरलो तेव्हा
स्टँडसमोरचा दुकानदार शटर ओढत होता.
उद्या शनिवार, सकाळची शाळा.
सही कुठं करायची?
"वही? शंभर पानी का दोनशे?"
मी उभ्या उभ्या आठवडे मोजले.
"शंभर," म्हणालो.
आणि तो आत वळला तेव्हा
दोनशेचा भाव विचारला.