निधान

वडगावात खाली चार माग,
वर आमची खोली, मी आणि हलगेकर.
पहिल्या नावानं तिला कुणीच हाक मारत नाही,
मीसुद्धा नाही.
भाडं कमी, कारण सकाळी सातपासून जमीन हलते,
आरसा महिन्याला बोटभर तिरका होतो.
खोली दाखवताना बाळप्पामामा म्हणाले होते,
"चार दिसांत सवय हुतंय बघ.
मग बंद पडलं की झोप येत न्हाई."

सवय झाली.
मग सवयीचा उपयोग झाला.

वीरेश गुरुवारी यायचा, फाउंड्रीच्या सुट्टीला.
बैलहोंगलचा. मराठी माझ्याकडून शिकलेला,
पण चहा त्याच्या तोंडी कायम बाई राहिली,
"माझी चहा थंड झाली."
मी दुरुस्त करायचं सोडून दिलं.

मागांच्या खटखटीत
बोललेलं खाली पोचत नसे.
त्याच्या नखांत साच्याची काळी वाळू,
कितीही धुतली तरी.
घाई माझीच होती.
तो कानाशी म्हणाला, "निधान."
मला वाटलं, ठेवा म्हणतोय मला,
नांगराच्या फाळाला लागतो तो, हंड्यातला.
डोळे भरले माझे.
तो घाबरला. "निधान म्हंजे हळू. हळू, एवढंच."
आम्ही इतके हसलो, इतके,
आणि वीज गेली.

चारही माग एकदम थांबले.
आमचं हसू तेवढं राहिलं, पत्र्याखाली, उघडं.
खाली कुणीतरी खाकरलं.
मग, का कोण जाणे, मामांनी
रिकाम्या कांड्या डब्यात टाकायला घेतल्या,
एकेक, दणादण, वीज येईपर्यंत.
भाडं द्यायला गेले तेव्हा
त्यांनी मान वर केली नाही. मीही नाही.

हे सगळं मी हलगेकरला सांगितलं,
तिला रात्रपाळी नव्हती त्या रात्री, दिवा मालवून.
कुठं हसायचं ते तिला आधीच माहीत होतं.

दिवाळीनंतर वीरेशला कोइमतूरला नोकरी लागली.
फोन आठवड्याला चार, मग दोन,
मग आईनं बघितलेल्या मुलीचा फोटो
त्यानं मलाच पाठवला. कशी आहे?
खरंच विचारत होता.
छान आहे, मी लिहिलं.
छानच होती.

माझं काम ऐकायचं.
थंड झालेला भाग टांगायचा, हातोडीनं हलकेच टोकायचं.
सलग असला तर लांबपर्यंत वाजतो,
तडा असला तर बसका, लगेच विझतो.
त्या आठवड्यात मी सतरा चांगले भाग नापास केले.
सुपरवायझर म्हणाला, कान दाखवून घे कुणाला तरी.

हलगेकरनं भात लावला.
मी पहिल्यांदाच विचारलं,
"गुरुवारचं तू कुठं जायचीस गे?"
"दुसऱ्या गेटला."
"तीन-तीन तास?"
"डबे मोजायचे. गोव्याहून कोळसा येतो नव्हं.
अठ्ठावन्न असतात. एकदा एकोणसाठ भरले.
परत मोजीन म्हटलं तर गाडी गेलेली."
रात्रभर वॉर्डात उभी राहून आलेली ती.
झोपायच्या वेळी. थंडीत.
"राग नाही आला?"
"आल्ता की. एकदा निघून आल्ते मी, जिन्यापर्यंत.
तेवढ्यात वीज गेली. तुम्ही हसायलता."
शिट्टी झाली, तिनं गॅस बारीक केला.
"मग मामांना म्हटलं, काय तरी आवाज करा."

भात जरा करपला. खाल्ला.

पुढच्या गुरुवारी दोघी गेटला गेलो.
फाटक पडलेलं, सायकली, रिक्षा, एक म्हैस.
गाडी आली.
विसाव्या डब्याला मी चुकले,
ती मोजत राहिली, ओठ हलवत, कुणाकडं न बघता.
त्या धडधडीत मी तिला
पहिल्या नावानं हाक मारली.

ऐकलं नसावं.
तिचा आकडा चुकला नाही.