चौथ्या गाण्याच्या खाली

नात म्हणाली, आजोबा, ही लॉसलेस आहे,
थेट मूळ टेपवरून. यात काहीच गळलेलं नाही.
मी म्हटलं, बघू.

शेफील्डात नोव्हेंबरात चारलाच दिवे लागतात.
ब्रायनीने पडदा ओढला,
स्पीकर भिंतीपासून वीतभर पुढे घेतले,
माझं कानातलं यंत्र शिट्टी मारतं म्हणून काढून बशीत ठेवलं.
डॉक्टरीणबाईंनी मागेच आलेख दाखवलाय:
चार हजार हर्ट्झच्या पुढे माझ्याकडे नुसता उतार.
म्हणजे झांजा गेल्या. स गेला, श गेला.

मी तेव्हा एकोणीस वर्षांचा, टेप बदलणारा पोऱ्या.
बंद पडलेल्या सुऱ्यांच्या कारखान्याचं तळघर,
भिंतींना अंड्यांचे ट्रे,
भाडं दोनच रात्रींचं भरलेलं.
कव्हरच्या मागे माझं नाव छापलंय, एक अक्षर गाळून.

पहिली तीन गाणी ती मला सांगत गेली.
इथे कुणीतरी कप ठेवला, आजोबा.
मोइरा. बेस वाजवायची.
आता टास्मानियात मेंढ्यांची डॉक्टर.
इथे कुणीतरी नाक ओढलं.
तो सेल्विन. त्याला बारा महिने सर्दी,
समीक्षकांनी तिला वेदना म्हटलं.
इथे खुर्ची करकरली.
ती माझी. तिच्यापायी शिव्या खाल्ल्यात.

चौथ्याला ती गप्प झाली.
मग म्हणाली, खाली काहीतरी आहे.
ड्रमच्याही खाली. धप्.
मग बराच वेळ काही नाही.
मग धप्. तालात नाहीये.

मी उठून स्पीकरच्या जाळीवर तळवा टेकवला.
माझा वरचा मजला पडलाय, तळमजला शाबूत आहे.

घण होता तो.
नदीपलीकडचा, वाफेवरचा,
लालबुंद पोलादावर रात्रभर पडणारा.
त्याच्या ठोक्यांवर आमची अख्खी गल्ली झोपायची;
तो थांबला की पोरं जागी व्हायची.

बर्नीला त्या रात्री सगळ्यांनी धारेवर धरलं होतं:
तू मागे पडतोयस.
अकरा वेळा टेप उलटी फिरवली मी.
तो काठ्या मांडीवर ठेवून म्हणायचा,
मला कुणीतरी मागे ओढतंय.
आम्ही हसलो.
बर्नीला पुरूनही सात वर्षं झाली.

वडील त्याच घणावर होते.
त्या गुरुवारी रात्रपाळी होती की दिवसपाळी
आठवत नाही, आणि ज्यांना विचारावं
ती माणसं संपली.
कारखाना पाडला. तिथे आता बूट मिळतात, पिझ्झा मिळतो,
गाडी लावायला जागा भरपूर.

ब्रायनी म्हणाली, बेताल आहे, पण मस्त आहे.
मी म्हटलं, तो आधीपासून चालू होता गं,
बेताल आम्ही शिरलो.

पाचवं गाणं लागलं. त्यात नुसती गिटार.
मी तळवा तिथेच ठेवला.
ती म्हणाली, आजोबा, हात काढा,
आवाज दबतोय.