न मिटलेला कोन

आगरवाड्याला मी तीनदा मोजणी केली.
सर्व्हे नंबर सत्तेचाळीस, मिठागर, चार बांध.
चार कोनांची बेरीज तीनशे साठ अंश यायला हवी.
तिन्ही वेळा अकरा मिनिटं कमी.

उन्हानं काच तापली असेल, म्हटलं,
खुंटी सरकली असेल चिखलात.
फटू मिठगावडे बांधावर बसून हसला:
"ती अकरा मिनिटं माझी, सायबा.
तेवढी फट ठेवल्याबिगर आगर बोलत नाय."

मग त्यानं खोपीतून घुमट आणलं.
कातडं बकऱ्याचं. पूर्वी घोरपडीचं असायचं,
बंदी आली, आणि तेव्हापासून, तो म्हणाला,
एक अक्षर जरा बोबडं उमटतं.
चिमूटभर मीठ पसरलं, कडेला एक बोट मारलं.
कण उठले, धावले,
जिथं कातडं थरथरत नव्हतं तिथं जाऊन बसले,
जत्रेत हरवलेलं पोर
ओळखीच्या दुकानाच्या पायरीवर बसतं तसे.
दोन कमानी, मध्ये एक उभी रेघ.
"हे खालच्या आगराचं नाव.
मी लिवलं नाय. ते वाळलं."

त्याचं शास्त्र एवढंच, आणि एवढं अवघड:
नाद म्हणजे पाणी. रेषा म्हणजे बांध.
बांधात अडवलेला नाद उन्हात ठेवला
की तळाशी उरतं ते अक्षर.
चारी बाजू सारख्या असलेला चौकोन मुका,
वाटणीत कुणालाच कमी न आल्यावर
भाऊ गप्प बसतात तसा.
तिरक्या बांधाला मात्र पुष्कळ सांगायचं असतं.
वर्तुळाचं विचारलं तर त्यानं कानांवर हात ठेवले.
वर्तुळ नुसतं ऐकतं,
आणि ऐकलेलं परत देत नाही.

त्याच्याकडे चौतीस अक्षरं होती,
सिगारेटच्या पाकिटांच्या आतल्या बाजूला
कोळशानं काढलेली.
पस्तिसावं मानशीचं.
(इथं पाण्याच्या दाराला मानस म्हणतात.
मी मराठी शाळेत शिकलो; त्या शब्दाशी
अजून नीट वागता येत नाही मला.)
ते उमटायचं फक्त अमावास्येच्या भरतीला,
आणि त्याला आवाज लागायचा बाहेरच्या माणसाचा.

चैत्रातल्या अमावास्येला मानशीची फळी फुटली.
शापोऱ्याचं पाणी आत. महिन्याभराचं मीठ
बांधावर, उघडं, ढिगाढिगांनी.
फटूची पुतणी वासंती विजेरी घेऊन दारात:
"काका बोलावतात. वही घेऊन या."

मी गुडघाभर पाण्यात उभा.
फटूनं काठीनं बांधावरच्या चिखलात
माझाच नकाशा काढला, चौथा कोन उघडा ठेवून.
वासंतीनं घुमट छातीशी धरलं.
"वाचा."
"काय वाचू?"
"तुमची चूक."

वाचली. अंश, मिनिटं, सेकंद,
कचेरीतल्याच कोरड्या आवाजात.
मग पुन्हा. आणि तिसऱ्यांदा वाचताना
आकड्यांना चाल लागली होती.

पाणी थांबलं, असं मी लिहिणार नाही.
ओहोटी तेव्हाच लागायची होती, असंही नाही.
पंचांग आणि भरतीचं कोष्टक, दोन्ही माझ्या पिशवीत होती,
भिजून एकमेकांना चिकटलेली.

पणजीला अहवाल गेला.
"बेरीज का जुळवली नाहीत?" साहेबांनी विचारलं.
राहिली, म्हटलं.
शेऱ्याचा रकाना अजून कोरा आहे.
संध्याकाळी कचेरीतले पंखे बंद झाले
की वहीच्या घड्यांतून निघणारं मीठ
मी टेबलावर पसरतो
आणि कडेला एक बोट मारतो.

काही उमटत नाही.
टेबल सरकारी आहे,
चारी बाजूंनी सारखं.