गुरुवारची वाटी

भूपाल अकरा महिने हामामात्सूला होता.
परत आला तो दोन शर्ट कमी
आणि एक सवय जास्त घेऊन:
गुरुवारी स्वयंपाकघरात यायची.

कुपवाडच्या शेडमध्ये मायक्रॉन मोजणारा माणूस
माझ्या ओट्याशी चमचा डोळ्यांसमोर धरून उभा.
सोया दोन चमचे, व्हिनेगर एक.
काठावर अडलेला थेंबही बोटानं खाली ढकलणार.
मी मीठ चिमटीनं मोजते; मी काय बोलू.

सोया आणला गणपती पेठेतून,
चायनीजच्या गाड्यांना माल देणाऱ्याकडून.
बाटलीवर बारीक अक्षरात
आंबवलेलं असं काहीतरी होतं.
चष्मा मी मुद्दाम लावला नाही.

तांदळाचं व्हिनेगर?
दुकानदार म्हणाला, वहिनी, तांदूळ आहे, व्हिनेगर आहे,
तुमचं तुम्ही बघा.
मग साधंच, पाणी घालून मवाळ केलेलं.

आमच्यात लसूण नाही, आलं नाही,
जमिनीखालचं काहीच नाही.
"तिथं कसं भागवायचास?"
"ती वेगळं काढून ठेवायची."
ती म्हणजे कोण, हे विचारायला
तीळ तडतडून शांत होईपर्यंत थांबले.
घाण्याच्या तेलात तीळ, वर संकेश्वरी मिरची, बी काढून.
ठसक्यानं दोघांचेही डोळे भरले.
सोयीचं झालं.

कँटीनमधली. साठीची असेल.
पहिल्या गुरुवारी तिनं त्याचं ताट तसंच उचलून नेलं.
दुसऱ्या गुरुवारी नुसत्या कोबीचे सहा आले,
शेजारी वाटी,
वाटीवर चिकटपट्टीचा तुकडा, त्यावर तीन-चार अक्षरं.
ते आपलं नाव आहे
हे त्याला निघायच्या आठवड्यात कळलं.

आणि तिचं?
त्यानं गॅस बारीक केला.

मुरड माझ्याकडे. करंजीचीच, फक्त ओली.
वाफेवरून तव्यावर, एकच बाजू तांबूस.
दिवस मावळायच्या आत ताटं व्हायला हवी होती,
खिडकीतलं ऊन फ्रिजच्या मुठीपर्यंत आलेलं.

त्यानं बुडवलं. "नाही."
थोडं व्हिनेगर. "नाही."
"काय कमी आहे?"
"मागून येतं काहीतरी."
"मागून म्हणजे?"
"गिळल्यावर."

तो पाणी प्यायला वळला
तेवढ्यात मी सुंठ उगाळली सहाणेवर, नखाएवढी.
सुंठ चालते आम्हाला. सुकलेलं चालतं.
आणि गुळाचा एक खडा, न विचारता.

बुडवलं. चावलं. गिळलं.
कुकरची शिट्टी शेजारच्यांकडे झाली.
"हे तिचं नाही," तो म्हणाला,
आणि दुसरा उचलला. मग तिसरा.
माझ्या ताटातला एकसुद्धा.

रात्री हत्यारांच्या पेटीतून त्यानं पांढरी टेप आणली,
तुकडा तोडून रिकाम्या वाटीवर लावला,
पेन उघडून बराच वेळ उभा राहिला.
शेवटी लिहिलं: गुरुवार.

वाटी घासताना
तेवढी जागा मी ओली होऊ देत नाही.